ऑनलाइन पोकरमध्ये आपला हात झाकायचा कसा? नवीन खेळणाऱ्यांसाठी

मे महिन्यात नागपुरात दुपारी बाहेर पडायची सोय नसते. पारा ४५च्या आसपास, रस्ते ओस, घरात कुलरची घरघर आणि चादरीवर मांडलेले पत्ते. माझी पत्त्यांशी ओळख अशीच झाली. आधी सात-आठ, मग मेंढीकोट, मग रमी आणि तीन पत्ती. त्यामुळे पोकर शिकायला बसलो तेव्हा वाटलं, ब्लफ तर आपल्याला येतोच. ब्लाइंड चाली देऊन समोरच्याला पॅक करायला (पानं टाकून द्यायला) लावणं लहानपणापासून चालू होतं.

तो समज मोडला आमच्या रविवारच्या टेबलावर. आम्ही पाच-सहा मित्र रात्री नऊला आपापल्या घरून एका खासगी ऑनलाइन टेबलावर बसतो. फुकटच्या चिप्स, पैसा नाही. प्रतापनगरचा एक मित्र माझ्याविरुद्ध सारखा जिंकायचा. एकदा मी कारण विचारलं तर म्हणाला, "तू चेक केलं का मी समजून जातो बे, तुझ्याजवळ काहीतरी मोठं आहे. अन् मोठी बेट मारली का काहीच नाही." त्याचं खरं होतं. भारी हात लपवायचा म्हणून मी चेक करून, म्हणजे चिप्स न लावता, गप्प बसायचो आणि रिकामा हात झाकायचा म्हणून मोठी बेट लावून जोरात बोलायचो. माझ्या मते मी चकवत होतो. त्याला मात्र माझी पानं न बघताच दिसत होती.

त्या रात्री जे कळलं ते आधी सांगतो, कारण पुढच्या सगळ्या पायऱ्या त्यावर उभ्या आहेत. चकवायचं म्हणजे दर वेळी काहीतरी वेगळं करायचं, असं नवीन माणसाला वाटतं. खरं काम उलट दिशेचं आहे. भारी हात आणि रिकामा हात बाहेरून एकसारखे दिसले पाहिजेत. वेळ तेवढाच, रक्कम तेवढीच, चालही तीच. फरक फक्त तुमच्या पानांत राहिला की समोरचा आपोआप अंधारात जातो.

या लेखासाठी टेक्सस होल्डेमचे (आपण खेळतो तो पोकरचा प्रकार) नियम येतात असं धरलं आहे. कुठला हात कुठल्या हातापेक्षा मोठा हे अजून पाठ नसेल तर आधी आठवडाभर तेवढंच करा.

आधी कायद्याचं

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंग प्रोत्साहन व नियमन कायदा मंजूर केला. २२ ऑगस्टला त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. खरे पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर त्यात बंदी आहे, मग तो खेळ कौशल्याचा असो की नशिबाचा. असे खेळ चालवणं, त्यांची जाहिरात करणं, त्यांचे पैसे फिरवणं हे गुन्हे आहेत. म्हणून या लेखातली प्रत्येक गोष्ट फुकटच्या चिप्सवर खेळायची आहे. "परदेशी साइट आहे, व्हीपीएन लावा, या नंबरवर यूपीआय करा" असं सांगणारा कुणी मेसेजवर भेटला तर त्याला ब्लॉक करा. तिथे गेलेला पैसा परत मागायला दार नसतं. फुकट अ‍ॅपमध्येही चिप्स विकत घेऊ नका. संपल्या तर दुसऱ्या दिवशीची वाट बघा.

काय काय लागेल

- मोबाइलपेक्षा लॅपटॉप बरा, कारण टेबल आणि घड्याळ एकाच वेळी दिसतात
- सेकंद दाखवणारं घड्याळ
- एक वही, शंभर पानी पुरे
- पत्त्यांचा एक खरा कॅट (तिसऱ्या पायरीसाठी)
- एखादं फुकट इक्विटी कॅल्क्युलेटर, म्हणजे दोन हातांपैकी कुणाची जिंकायची शक्यता किती ते सांगणारं साधन
- गंभीरपणे खेळणारे तीन-चार मित्र. ही यादीतली सगळ्यात अवघड वस्तू आहे

१. टेबल असं निवडा जिथे लोक पॅक करतात

फुकट चिप्सच्या सार्वजनिक टेबलावर ब्लफ शिकता येत नाही. तिथे हरल्यावर काही जात नाही, त्यामुळे लोक काहीही घेऊन शेवटपर्यंत कॉल करतात, म्हणजे समोरच्याएवढ्या चिप्स टाकत राहतात. जो पॅकच करत नाही त्याला घाबरवणार कसं? अशा टेबलावर चांगला हात आला की सरळ बेट करा, हात वाईट असेल तर सोडून द्या. याहून हुशारी तिथे तोट्याची.

आम्ही यावर उपाय काढला तो असा. खासगी टेबल, प्रत्येकाला रात्रीच्या सुरुवातीला २००० चिप्स, संपल्या की त्या रात्रीपुरतं बाहेर. शेवटी उरलेल्या क्रमाने गुण, आणि दहा रविवारांची बेरीज एका वहीत. पैसा शून्य, पण दहाव्या रविवारी वही उघडते म्हणून प्रत्येक जण चिप्स जपून वापरतो. हे सुरू केल्यावर दुसऱ्याच आठवड्यात लोक पॅक करायला लागले. ब्लफला अर्थ आला तो तिथून.

२. वेळ आणि रक्कम एकसारखी करा

ऑनलाइनमध्ये चेहरा दिसत नाही म्हणून आपण लपलेलो आहोत असं वाटतं. पण बटण दाबायला लागलेला वेळ दिसतो, बेटची रक्कम दिसते, आणि खेळलेल्या प्रत्येक डावाची नोंद राहते. काही लोक आधीच "चेक"च्या चौकोनावर टिचकी मारून ठेवतात. त्यांची पाळी येताच अर्ध्या सेकंदात चेक पडतो आणि सगळ्यांना कळतं की याला या डावात रस नाही. तो चौकोन वापरूच नका.

सोपा निर्णय असो की अवघड, मनात चार आकडे मोजा आणि मग दाबा. अवघड निर्णयाला जास्त वेळ लागला तर लागू द्या, पण सोप्याला घाई नको.

रकमेचंही तसंच. फ्लॉपच्या (टेबलावर उघडणाऱ्या पहिल्या तीन पानांच्या) आधी रेज करायची, म्हणजे रक्कम वाढवायची, तर ठरलेली रक्कम, उदाहरणार्थ मोठ्या ब्लाइंडच्या (सक्तीने लावायच्या मोठ्या रकमेच्या) अडीच पट. एक्क्यांची जोडी असली तरी अडीच पट, इस्पिक सत्ती-अठ्ठी असली तरी अडीच पट. पुढच्या फेऱ्यांसाठी दोनच मापं ठेवा, अर्धा पॉट आणि पूर्ण पॉट (पॉट म्हणजे मधे जमलेल्या चिप्स). नवीन माणसाने याहून जास्त मापं ठेवली तर नकळत भारी हाताला एक माप आणि हलक्या हाताला दुसरं चिकटतं. माझं तेच झालं होतं.

चॅट आणि इमोजी बंद. ब्लफ चालू असताना माणूस जरा जास्तच बोलतो.

३. तीन पानांचा खेळ खेळा

ही पायरी कंटाळवाणी वाटेल, पण मला सगळ्यात जास्त हिनेच शिकवलं. १९५० मध्ये हॅरॉल्ड कून या गणितज्ञाने पोकरचा अगदी छोटा नमुना मांडला. कॅटमधून फक्त बादशाह, राणी आणि गुलाम काढा. दोघांनी एकेक चिप मधे टाकायची, प्रत्येकाला एक पान, तिसरं पान पालथं. पहिला खेळाडू चेक करतो किंवा एक चिप बेट करतो. बेट आली की दुसऱ्याने कॉल किंवा पॅक करायचं. पहिल्याने चेक केलं तर दुसरा चेक करून पानं दाखवू शकतो किंवा स्वतः बेट करू शकतो, आणि मग पहिल्याने कॉल किंवा पॅक करायचं. संपला डाव.

आता दुसऱ्या खेळाडूच्या जागी बसा. समोरच्याने चेक केलं. तुमच्याकडे बादशाह असेल तर बेट उघडच आहे. राणी असेल तर बेट करून उपयोग नाही, कारण बादशाहवाला कॉल करेल आणि गुलामवाला पॅक करेल. म्हणजे मोठ्याला पैसे दिले आणि छोट्याकडून काहीच मिळालं नाही. राणीने गप्प चेक करावं. गुलाम असेल तर? नुसतं चेक करून गुलाम कधीच जिंकत नाही. त्याला एकच वाट आहे, बेट करून राणीला पळवणं. पण दर वेळी बेट केली तर समोरची राणी डोळे मिटून कॉल करेल.

गणित सांगतं, गुलामावर तीनपैकी एकदाच बेट करा. मग तुमच्या दर चार बेटांपैकी तीन बादशाहच्या आणि एक गुलामाची होते. राणीवाल्याला एक चिप देऊन तीन चिप्स मिळवायच्या असतात, त्यामुळे त्याने कॉल केला काय आणि पॅक केलं काय, त्याच्या हिशेबात फरकच पडत नाही. तुमची पद्धत त्याला कागदावर लिहून दिली तरी तो तिचा फायदा उठवू शकत नाही. मी "अंदाज लागू न देणं" म्हणतो ते हेच.

एका मित्रासोबत असे पन्नास डाव खेळा. राणीने बेट करायचा मोह किती होतो आणि तो किती महागात पडतो, हे हाताला कळतं. मोठ्या पोकरमध्ये हीच चूक मधल्या हातांची होते: लहानशी जोडी आहे, आता ब्लफ मारून बघू. मधला हात चेक करून शेवटपर्यंत न्यायचा असतो. जॉन फॉन नॉयमान यांनी ऑस्कर मॉर्गनस्टर्न यांच्यासोबत १९४४ मध्ये पोकरचं जे गणित मांडलं, त्यातही बेट करतात ते सगळ्यात भारी आणि सगळ्यात हलके हात. मधले गप्प बसतात.

४. दोन हिशेब पाठ करा

पहिला: ब्लफ किती वेळा चालला पाहिजे? अर्ध्या पॉटची बेट असेल तर तीनपैकी एकदा समोरच्याने पॅक केलं की तोटा नाही. पूर्ण पॉटची असेल तर दोनपैकी एकदा. बेट भागिले (पॉट अधिक बेट), एवढंच सूत्र आहे.

दुसरा: रिव्हरवर (पाचव्या, शेवटच्या पानावर) तुमच्या एकूण बेटांत ब्लफ किती असावेत? अर्ध्या पॉटच्या बेटेत चारपैकी एक, पूर्ण पॉटच्या बेटेत तीनपैकी एक, दुप्पट पॉटच्या बेटेत पाचपैकी दोन. बेट जेवढी मोठी तेवढे जास्त ब्लफ खपतात, कारण कॉल करणाऱ्याला ती महाग पडते. अर्ध्या पॉटचा आकडा तिसऱ्या पायरीतल्या बादशाह-गुलामाच्या आकड्याशी जुळतो हे लक्षात आलं असेल. तिथेही मधे दोन चिप्स आणि बेट एकच होती.

५. ब्लफची गोष्ट पहिल्या पानापासून सांगा

एक डाव घेऊ. ब्लाइंड ५ आणि १०. तुम्ही बटनवर (वाटणाऱ्याच्या जागी), हातात इस्पिक एक्का आणि चौकट राणी. तुम्ही २५ केले, मोठ्या ब्लाइंडने कॉल केला, पॉट ५५. फ्लॉपवर इस्पिक बादशाह, इस्पिक सत्ती, चौकट दुर्री. त्याने चेक, तुम्ही ३०, त्याने कॉल. पॉट ११५. टर्नवर, म्हणजे चौथं पान, बदाम तिर्री. पुन्हा चेक, तुम्ही ६०, कॉल. पॉट २३५. रिव्हरवर इस्पिक नव्वी. त्याने चेक केलं.

तुमच्याकडे जोडीसुद्धा नाही. पण त्याच्या बाजूने बघा. फ्लॉपवर दोन इस्पिक असताना तुम्ही बेट केली, टर्नवर सोडलं नाही, आणि आता तिसरं इस्पिक पडलं. तुम्ही फ्लशची (एकाच रंगाच्या पाच पानांची) वाट बघत होता आणि तो लागला, ही गोष्ट पहिल्या बेटेपासून जुळते. शिवाय इस्पिक एक्का तुमच्याच हातात आहे, म्हणजे सगळ्यात मोठा फ्लश त्याच्याकडे असूच शकत नाही. त्याच्याकडे बादशाहची जोडी असेल तर २३५ची बेट कॉल करताना तो घामाघूम होईल. निम्म्या वेळा पॅक केलं तरी तुमचं भागतं.

आता हाच डाव फ्लॉप आणि टर्नवर दोघांनी चेक करत गेला असता आणि रिव्हरवर तुम्ही एकदम पूर्ण पॉट मारला असता, तर ती गोष्ट मधूनच सुरू झाल्यासारखी वाटली असती. नवीन लोकांचे बहुतेक ब्लफ इथेच पकडले जातात. सगळं फसल्यावर शेवटच्या पानावर सुचलेला ब्लफ समोरच्याला बरोबर वास देतो.

एक बारीक गोष्ट, जी मला बरीच उशिरा कळली. रिव्हरवर इस्पिक न पडता दुसरंच काही पडलं आणि तुमच्या हातात दोन इस्पिक होते, म्हणजे तुमचा फ्लश हुकला. तेव्हा ब्लफ मारावासा फार वाटतो. पण तुमच्या हातात इस्पिक आहेत याचाच अर्थ समोरच्याकडे हुकलेला फ्लश असण्याची शक्यता कमी झाली. आणि तोच तर हात होता जो त्याने पॅक केला असता. त्यामुळे हुकलेला फ्लश हा दिसतो तेवढा चांगला ब्लफ नाही.

६. अधल्यामधल्या ब्लफला पहिली पसंती द्या

फ्लॉपवर निव्वळ रिकाम्या हातापेक्षा वाढू शकणाऱ्या हाताने बेट करा, म्हणजे ज्याला सेमी-ब्लफ म्हणतात तो. एकाच रंगाची चार पानं झाली असतील तर पाचवं आणणारी ९ पानं कॅटमध्ये उरतात, आणि पुढच्या दोन पानांत फ्लश लागायची शक्यता सुमारे ३५ टक्के असते. दोन्ही बाजूंनी उघड्या सिक्वेन्सला ८ पानं, सुमारे ३१ टक्के. समोरच्याने पॅक केलं तरी चांगलं, कॉल केला तरी आशा जिवंत. नवशिक्याने पहिले दोन महिने फ्लॉपवरचे सगळे ब्लफ याच जातीचे ठेवले तरी चालतील.

७. निर्णय मनावर सोडू नका, घड्याळावर किंवा पानांवर सोडा

माणसाला मनाने बेभरवशाचं वागता येत नाही. दोनदा ब्लफ केला की तिसऱ्यांदा "आता नको" वाटतं, एकदा पकडला गेला की पुढचा अर्धा तास हात आखडतो. समोरचा हीच लय पकडतो.

म्हणून सेकंदकाटा. तीनपैकी एकदा ब्लफ करायचा असेल तर पाळी आली त्या क्षणी घड्याळ बघा. ० ते १९ सेकंद असेल तर बेट, नाहीतर चेक. चारपैकी एकदा हवा तर ० ते १४. आकडा न आवडून पुन्हा घड्याळ बघायचं नाही, हा नियम स्वतःशी प्रामाणिकपणे पाळा.

थोडा सराव झाला की याहून चांगली युक्ती वापरा. पत्ते स्वतःच नशिबाने येतात, तर निवडही त्यांनाच करू द्या. वरच्याच डावात समजा तुम्ही रिव्हरवर ज्या भारी हातांनी पूर्ण पॉट मारला असता ते १२ प्रकारे बनतात. मग ब्लफ ६ प्रकारांचे हवेत. इस्पिक एक्का आणि इस्पिक सोडून कुठलीही राणी, हे झाले ३ प्रकार. इस्पिक एक्का आणि इस्पिक सोडून कुठलाही गुलाम, हे आणखी ३. बस्स, एवढेच ब्लफ. बाकी सगळे रिकामे हात सोडून द्यायचे. घड्याळाची गरज नाही, भावनेलाही जागा नाही.

जानेवारी २०१७ मध्ये पिट्सबर्गला लिब्राटस नावाच्या संगणक प्रणालीने चार व्यावसायिक खेळाडूंना एकास एक पोकरमध्ये १,२०,००० डावांत हरवलं. कार्नेगी मेलन विद्यापीठाच्या ट्युओमास सँडहोम आणि नोम ब्राउन यांनी ती बनवली होती. तिला समोरच्याचा चेहरा दिसत नव्हता आणि स्वतःला चेहरा नव्हता. तरी ती ब्लफ मारत होती, कारण प्रमाणं सांभाळत होती. नवीन माणसाला यातून धीर यावा असं मला मनापासून वाटतं. ब्लफसाठी बेडर स्वभाव लागत नाही, मोजायची सवय लागते.

८. भारी हात कधी लपवायचा

थोडक्यात सांगतो, कारण हे कमी वेळा करायचं असतं. फ्लॉप कोरडा असेल, म्हणजे तीन रंगांची, एकमेकांपासून लांबची पानं, आणि तुमचा हात इतका भारी असेल की पुढच्या पानाची भीतीच नाही, तेव्हा चेक करून समोरच्याला बेट करू द्या. फ्लॉपवर दोन इस्पिक किंवा आठ-नऊ-दहा अशी पानं असतील तर लपवू नका, सरळ बेट करा. तिथे फुकट दिलेलं पान म्हणजे समोरच्याला दिलेली भेट. आणि भारी हात चेक करत असाल तर काही मधले हातही तसेच चेक करा, नाहीतर प्रतापनगरच्या मित्रासारखा कुणीतरी तुमचा चेक वाचेल.

९. हे कधीच करू नका

चकवायचं ते फक्त पानांनी आणि बेटांनी. एकाच टेबलावर बसलेल्या दोघांनी फोनवर एकमेकांची पानं सांगणं, दोन खाती उघडून दोन जागांवर बसणं, संगणकाला आपल्या जागी खेळवणं ही लबाडी आहे. राजेहो, याबद्दल माझं मत पक्कं आहे. आमच्या टेबलावर एकदा दोन जण फोनवर बोलत खेळताना सापडले आणि तो सीझन आम्ही तिथेच बंद केला. त्या आठ रविवारांचे गुण खोडताना सगळ्यांनाच वाईट वाटलं.

१०. वही कशी लिहायची

दर रविवारी खेळ संपल्यावर वीस मिनिटं. तीनच नोंदी करा. मी रिव्हरवर केलेल्या बेटा किती, त्यात ब्लफ किती. पकडला गेलेला प्रत्येक ब्लफ, आणि त्याची गोष्ट कुठल्या फेरीत तुटली. आणि प्रत्येक मित्राच्या नावापुढे एक ओळ: हा कॉल जास्त करतो की पॅक जास्त.

तिसरी नोंद हळूहळू सगळ्यात मोलाची होते. जो फार कॉल करतो त्याच्याविरुद्ध ठरलेलं प्रमाण बाजूला ठेवा, ब्लफ जवळजवळ बंद करा आणि चांगल्या हातांच्या बेटा वाढवा. जो फार पॅक करतो त्याच्याविरुद्ध ब्लफ वाढवा. चौथ्या पायरीतली प्रमाणं लागतात ती तुमच्याकडे बारकाईने बघणाऱ्या माणसाविरुद्ध. आमच्या टेबलावर तसा एकच होता, प्रतापनगरचा तो मित्र. सहा-सात महिन्यांनी त्याने एका रविवारी माझ्या चेकनंतर चेक केलं, पानं उघडली, माझ्याकडे मधली जोडी निघाली. "आता समजत नाही बे," तो म्हणाला, आणि पुढचा डाव वाटला गेला.